धनको दुबळा असतो तेव्हा

आयकर कायद्याच्या कलम ४३ बी मध्ये २०२३ च्या वित्त कायद्याने ‘एच’ हे उपकलम आले आणि १ एप्रिल २०२४ पासून ते लागू झाले. तेव्हापासून लहान पुरवठादारांच्या थकलेल्या बिलांची चर्चा व्यापारी संघटनांच्या सभांत, करसल्लागारांच्या कार्यालयांत आणि वर्तमानपत्रांत सतत चालू आहे. सूक्ष्म किंवा लघु उद्योगाकडून घेतलेल्या मालाचे पैसे कायद्याने ठरवलेली मुदत उलटून वर्षअखेरही थकलेले असतील, तर ते प्रत्यक्ष देईपर्यंत त्या खर्चाची वजावट खरेदीदाराला मिळणार नाही, इतकाच या तरतुदीचा आशय आहे. तरीही तिच्यावरून दोन तट पडले. एका बाजूचे म्हणणे असे की पिढ्यान्‌पिढ्या उधारीवर चालत आलेल्या बाजारात सरकारला नाक खुपसण्याचे कारण नव्हते. दुसऱ्या बाजूचे म्हणणे असे की पैसे अडकवणाऱ्या दोघाचौघांना तुरुंगात टाकल्याशिवाय बाकीचे सरळ होणार नाहीत. मला दोन्ही बाजू चुकीच्या जागी भांडताना दिसतात. मुदत ४५ दिवसांची असावी की ९० दिवसांची, शिक्षा सौम्य असावी की कडक, हा मुख्य प्रश्न नाही. कायदा जागा करण्याचे काम ज्याच्यावर सोपवले आहे, तोच ते करण्यास सर्वांत असमर्थ आहे. पहिली तक्रार पुरवठादारानेच केली पाहिजे, ही अट जोवर आहे तोवर नव्या कलमांची कितीही भर घातली तरी थकलेली बिले थकलेलीच राहतील.

ही चूक आपल्याला सहजासहजी दिसत नाही, याचे एक कारण आपल्या इतिहासात आहे. कर्ज हा शब्द उच्चारला की मराठी मनापुढे सावकार आणि कूळ उभे राहतात. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरादुकानांवर चाल केली, कर्जरोखे आणि वह्या हिसकावून जाळल्या, आणि ते लोण पुणे व अहमदनगर जिल्ह्यांतील गावोगावी पसरले. त्यानंतर चौकशी झाली आणि १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा आला. कर्जरोख्यावर अंगठा आहे एवढ्यावर न थांबता व्यवहाराचा मागचा इतिहास तपासण्याचे कर्तव्य त्या कायद्याने न्यायालयावर टाकले, आणि पैशाच्या हुकूमनाम्यापायी शेतकऱ्याला कैदेत टाकण्यास बंदी केली. त्या काळी ते अत्यंत न्याय्य होते, कारण धनको बलवान आणि ऋणको दुबळा होता. पण तेव्हापासून ऋणको म्हणजे सवलतीला पात्र माणूस ही धारणा आपल्या दिवाणी व्यवहारात आणि सामाजिक भावनेत खोल रुजली. आज पुण्याजवळच्या भोसरीतला अकरा कामगारांचा प्रेसशॉप, म्हणजे पत्र्याचे सुटे भाग बनवणारा लहान कारखाना, शेकडो कोटींची उलाढाल असलेल्या कंपनीला ब्रॅकेट पुरवतो आणि महिनोन्‌महिने बिलाची वाट पाहतो, तेव्हा या जोडीत सावकार कोण आणि कूळ कोण? कागदोपत्री प्रेसशॉपवाला धनको आहे. पण हे कर्ज त्याने राजीखुशीने दिलेले नाही, त्याला तारण नाही, त्यावर व्याज नाही आणि परतफेडीची तारीख ऋणको ठरवतो. असले कर्ज कोणत्याही सावकाराने कधी दिले नसेल.

गेली पंचवीस वर्षे मी लहान कारखान्यांचे हिशेब पाहतो, त्यामुळे हे कसे घडते ते सविस्तर सांगितले पाहिजे. माल गेटवर उतरतो तेव्हा चलनावर ‘तपासणीच्या अधीन’ असा शिक्का पडतो. स्वीकृतीची नोंद, म्हणजे ज्याला सगळे जीआरएन म्हणतात ती, खरेदीदाराच्या संगणकात होते. तिची प्रत पुरवठादाराला मिळेलच असे नाही. माल तोवर जुळणीत लागून, गाडीत बसून, शोरूमपर्यंत गेलेला असतो. पुढे पैसे येतात ते बिलवार येत नाहीत. ‘ऑन अकाउंट’ म्हणून एक गोल रक्कम जमा होते, आणि ती कोणत्या बिलापोटी आली याचा उलगडा होत नाही. मध्येच एखादी डेबिट नोट, म्हणजे बिलातून रक्कम कापल्याची चिठ्ठी, येते, चार महिन्यांपूर्वीच्या लॉटमधील ‘रिजेक्शन’ची, जो लॉट परत आलेला नसतो. वर्षअखेरीस बाकी मान्यतेचे पत्र मागितले तर ‘ऑडिट चालू आहे’ असे उत्तर मिळते. यातला एकेक प्रकार सुटा पाहिला तर किरकोळ वाटतो, पण सगळ्यांचा एकत्रित परिणाम असा होतो की तीन वर्षांच्या मुदतीत दावा लावायची वेळ येते तेव्हा नेमके किती येणे आहे हेच वादग्रस्त झालेले असते.

याच काळात बाकी सगळ्यांच्या तारखा मात्र पक्क्या असतात. कामगारांचा पगार, विजेचे बिल, पत्रा देणाऱ्या व्यापाऱ्याचे रोखीचे पैसे आणि वस्तू व सेवा कर. जूनमध्ये फाडलेल्या बिलावरचा कर जुलैच्या २० तारखेपर्यंत सरकारजमा करावा लागतो, मग बिलाचे पैसे आलेले असोत वा नसोत. दहा लाखांच्या मालावर १८ टक्क्यांप्रमाणे एक लाख ऐंशी हजार रुपये कर होतो. कच्च्या मालावर भरलेला कर वजा जाता उरलेली रक्कम पुरवठादार स्वतःच्या खिशातून भरतो. खरेदीदार मात्र त्याच बिलाच्या आधारे त्या पूर्ण एक लाख ऐंशी हजारांचे क्रेडिट, म्हणजे स्वतःच्या करातून तेवढी वजावट, घेऊ शकतो, आणि पैसे न देता १८० दिवस ते वापरू शकतो. म्हणजे माल फुकट वापरायला मिळतो आणि वर न दिलेल्या कराची वजावटही मिळते. बँकेचीही हीच तऱ्हा. नव्वद दिवसांपुढचे येणे बँक कॅश क्रेडिटच्या, म्हणजे खेळत्या भांडवलाच्या कर्जाच्या, मर्यादेसाठी सहसा धरत नाही, त्यामुळे बिल जितके जुने होते तितकी पुरवठादाराची उचल घटते. ज्याची चूक नाही त्याची पत घटते आणि ज्याने पैसे अडवले त्याच्या ताळेबंदात रोकड चांगली दिसते. उधारीची परंपरा म्हणून ज्याचा गौरव होतो, ती प्रत्यक्षात ही आहे.

कायदा नाही म्हणून हे होते असे कोणी समजू नये. लघुउद्योगांच्या विलंबित देयकांवर व्याज लावणारा पहिला केंद्रीय कायदा १९९३ चा आहे. २००६ च्या सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास कायद्याने तो आपल्यात सामावून घेतला आणि अधिक धारदार केला. लेखी करार असला तरी ४५ दिवसांपुढची मुदत चालणार नाही; करार नसेल तर १५ दिवस. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढीने व्याज. वाद झाला तर राज्याच्या सुलभीकरण परिषदेकडे जायचे, तिने आधी समेट घडवायचा, न जमल्यास लवादाने निर्णय द्यायचा, आणि हे सगळे ९० दिवसांत. निवाड्याला आव्हान द्यायचे तर खरेदीदाराने ७५ टक्के रक्कम आधी जमा करायची. कागदावर याहून कडक संरक्षण जगात फार थोड्या ठिकाणी असेल. २०१७ पासून तक्रार घरबसल्या ऑनलाइन करता येते. तरीही माझ्या ओळखीच्या दहा थकबाकीदार पुरवठादारांपैकी नऊ जण परिषदेकडे जात नाहीत. त्यांना कायदा माहीत नाही असे नाही. मीच त्यांना तो अनेकदा वाचून दाखवला आहे.

ते जात नाहीत, कारण तक्रारीची किंमत थकलेल्या रकमेपेक्षा मोठी असते. भोसरीच्या ज्या प्रेसशॉपचा वर उल्लेख केला, त्याचे मालक माझ्याकडे हिशेबासाठी येतात. त्यांचे चौदा लाख रुपये एका मोठ्या कंपनीकडे अडकले आहेत आणि त्यांच्या उलाढालीतला जवळजवळ निम्मा हिस्सा त्याच कंपनीचा आहे. नोटीस गेली की व्हेंडर कोड, म्हणजे कंपनीच्या यादीतला पुरवठादाराचा क्रमांक, बंद होतो. त्यासाठी कोणी पत्र पाठवत नाही. पुढच्या महिन्याच्या मागणीचे शेड्यूल येत नाही, एवढेच. मग अकरा कामगारांना काय सांगायचे? दिवाणी वाट धरावी तर तीन लाखांवरचा व्यापारी दावा कमर्शिअल कोर्टात जातो, आधी मध्यस्थीची सक्ती, मग रकमेच्या प्रमाणात कोर्ट फी आणि वर्षांची प्रतीक्षा. दिवाळखोरी संहितेचा धाक दाखवावा तर तिथली किमान थकबाकी २४ मार्च २०२० रोजी एक लाखावरून एक कोटीवर नेली गेली. चौदा लाखांच्या माणसाला तो दरवाजा बंद आहे. जो कायदा वापरल्याबरोबर गिऱ्हाईक जाते, तो कायदा पुरवठादार केव्हा वापरेल? गिऱ्हाईक आधीच गेलेले असेल तेव्हा, किंवा स्वतःचा कारखाना बंद करायची वेळ येईल तेव्हा. माझ्या अनुभवात परिषदेपुढे येणारी बहुतेक प्रकरणे याच दोन प्रकारची असतात, आणि म्हणूनच ती उशिरा आणि अपुऱ्या कागदांनिशी येतात.

आता विरोधी बाजूचे म्हणणे प्रामाणिकपणे घेऊ. पहिला आक्षेप उधारीचा. व्यापार विश्वासावर चालतो, गिऱ्हाईकाचे पैसे आले की पुढे देता येतात, आणि सूत-कापड-तयार कपडे अशा लांब साखळीत ४५ दिवस कोणालाच पुरत नाहीत, असे इचलकरंजीपासून भिवंडीपर्यंतचे व्यापारी सांगतात. यात तथ्य आहे. मधला व्यापारी स्वतःही अडकलेला असतो, तो लबाड असतोच असे नाही. पण उधारी म्हणजे बेमुदत उधारी हे समीकरण आपल्या परंपरेत कुठे होते? आपल्याकडे दर्शनी हुंडी होती आणि मुदती हुंडी होती. मुदतीचे दिवस कागदावर असत, आणि हुंडी न सकारणाऱ्या पेढीची पत पेठेत त्याच दिवशी जाई. तारीख पाळणे हीच पत होती. आजच्या मोठ्या खरेदीदाराने तारीख चुकवली तरी त्याच्या पतीला धक्का लागत नाही. त्यामुळे परंपरेचा दाखला त्याने देऊ नये. आणि साखळी लांब आहे हे मान्य केले, तरी तिच्या लांबीचा भार कुणी वाहायचा हा प्रश्न उरतोच. ज्याला बँक स्वस्तात कर्ज देते त्याने, की ज्याला तारणाशिवाय दारात उभे करत नाही त्याने? खरेदीदाराला १२० दिवसांची उधारी हवीच असेल, तर ती त्याने बँकेकडून घ्यावी. त्यासाठीच रिझर्व्ह बँकेने २०१४ मध्ये ट्रेड्स या बिल-वटणावळीच्या मंचांची चौकट आखली. तिथे खरेदीदाराने बिल मान्य केले की पुरवठादाराला वित्तसंस्थेकडून लगेच पैसे मिळतात आणि खरेदीदार पुढे मुदतीला भरतो. २५० कोटींवरच्या उलाढालीच्या कंपन्यांना तिथे नोंदणीची सक्ती झाली आहे. मात्र सक्ती नोंदणीची आहे, बिल मान्य करण्याची नाही, आणि सगळी गोम तिथेच आहे.

दुसरा आक्षेप मालाच्या दर्जाचा आहे, आणि तो मला सर्वांत वजनदार वाटतो. सदोष माल घेऊनही पैसे द्यायलाच हवेत असा कायदा अन्याय्य ठरेल. दिवाळखोरी संहितेखालील २०१७ च्या मोबिलॉक्स प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की नोटिशीआधीपासून खराखुरा वाद अस्तित्वात असेल तर पुरवठादाराला कंपनीला दिवाळखोरीत ओढता येणार नाही. आणि ते योग्यच होते, कारण ती संहिता वसुलीसाठी केलेलीच नाही. पण वाद केव्हा उत्पन्न झाला, हा यातला कळीचा मुद्दा आहे. २००६ चा कायदा सांगतो की माल मिळाल्यापासून १५ दिवसांत लेखी हरकत घेतली नाही, तर माल स्वीकारला असे मानावे. प्रत्यक्षात मी जितकी उत्तरे वाचली आहेत, त्यांतल्या बहुतेकांत मालाच्या निकृष्टतेचा पहिला उल्लेख वकिलाच्या नोटिशीला दिलेल्या उत्तरातच सापडतो. माल खरोखर सदोष असता, तर तो जुळणीत बसला कसा? त्यावरचे कर-क्रेडिट घेतले कसे? दर्जाचा हक्क जपायचा असेल तर त्याला १५ दिवसांची चौकट काटेकोर लावणे हाच मार्ग आहे. प्रामाणिक खरेदीदाराचे त्यात काही जात नाही, कारण त्याचा तपासनीस पहिल्याच आठवड्यात लेखी कळवतो.

व्याजाबद्दलची तक्रार थोडक्यात घेतो. बँक रेट ६.७५ टक्के होता तेव्हा तिप्पट म्हणजे २०.२५ टक्के, तेही दरमहा चक्रवाढीने. ही सावकारी नव्हे काय, असे विचारले जाते, आणि मुद्दलापेक्षा व्याज जास्त होऊ नये हा दामदुपटीचा जुना नियम पुढे केला जातो. दामदुपट हा संकटात सापडलेल्या ऋणकोला वाचवणारा नियम होता. पैसे हाताशी असून न देणाऱ्याला त्याचे कवच कशाला? शिवाय हे व्याज उत्पन्नाचे साधन नाही, उशीर महाग करण्याचे साधन आहे. ब्रिटनने १९९८ पासून बेस रेटवर आठ टक्के आणि युरोपीय संघाने २०११ च्या निर्देशाने मध्यवर्ती बँकेच्या दरावर किमान आठ टक्के लावले, ते याच हेतूने. आपला दर त्यांच्याहून कडक आहे हे मी मान्य करतो. तो उतरवला तरी मला दुःख होणार नाही, कारण समझोत्यात पुरवठादाराला सर्वांत आधी जे सोडावे लागते ते व्याजच.

तिसरा आक्षेप अनुभवाचा आहे आणि तो नाकारता येत नाही. ४३ बी (एच) आल्यावर काही खरेदीदारांनी लहान नोंदणीकृत उद्योगांऐवजी मध्यम उद्योगांकडे किंवा नोंदणी नसलेल्यांकडे मोर्चा वळवला, आणि काही लहान उद्योजकांनीच आपली उद्यम नोंदणी, म्हणजे लघुउद्योग म्हणून असलेली सरकारी नोंदणी, रद्द करण्याचा विचार चालवला. माझ्यासमोर बसून तिघांनी मला तसे विचारले. संरक्षण ज्याच्यासाठी, त्यालाच ते ओझे वाटावे, हे या कायद्याचे अपयश आहे. पण त्यावरून कायदाच नको असा निष्कर्ष निघतो का? १८७९ च्या कायद्याविरुद्धही हेच म्हटले गेले होते, की शेतकऱ्याची पत आटेल आणि सावकार वाटा शोधतील. सावकारांनी वाटा शोधल्याही; गहाणखताऐवजी खरेदीखत लिहून घेण्याची पद्धत वाढली. त्यावर उत्तर म्हणून कायदा मागे घेतला गेला नाही, तर दिसायला खरेदी असलेला व्यवहार मुळात गहाण आहे की काय हे तपासण्याचा अधिकार न्यायालयाला देणारी दुरुस्ती झाली. पळवाट बुजवली गेली. आजची पळवाट अशी, की संरक्षण पुरवठादाराच्या नोंदणीला चिकटवलेले आहे. सिल्पी इंडस्ट्रीज प्रकरणात २०२१ साली सर्वोच्च न्यायालयाने नोंदणीआधीच्या पुरवठ्याला या कायद्याचा लाभ नाकारला, तेव्हा ही अडचण आणखी स्पष्ट झाली. व्यापारी तर संरक्षणाबाहेरच आहेत. २०२१ मध्ये त्यांना उद्यम नोंदणी मिळाली ती केवळ अग्रक्रमाच्या कर्जापुरती. हीच मुदत सगळ्या व्यापारी व्यवहारांना लागू झाली, जशी युरोपात आहे, तर लहान पुरवठादाराला टाळून खरेदीदाराला काय मिळेल? काहीच नाही.

इथे एक कटू गोष्ट बोलली पाहिजे. या विषयावरच्या गाजलेल्या निकालांची नुसती नावे वाचावीत. सिल्पी इंडस्ट्रीजसमोर होते केरळ राज्य रस्ते वाहतूक महामंडळ. महाकाली फूड्ससमोर, २०२२ मध्ये, गुजरात राज्य नागरी पुरवठा महामंडळ. परिषदेच्या निवाड्याविरुद्ध ७५ टक्के रक्कम न भरता थेट रिट याचिका करता येते का, हा प्रश्न २०२५ मध्ये मोठ्या पीठाकडे गेला, त्यात तमिळनाडूच्या सरकारी सिमेंट कंपनीचे नाव आहे. ४५ दिवसांचा कायदा केंद्र सरकारने केला, आणि राज्य सरकारांचीच महामंडळे लहान पुरवठादाराशी सर्वोच्च न्यायालयापर्यंत भांडतात. खासगी कंपनीच्या व्यवस्थापकाने कोणाकडे पाहून तारीख पाळावी? सरकारी अधिकारी खिशातून पैसे अडवत नाही, निधी आला नाही म्हणून बिल अडते, हा बचाव मला माहीत आहे. पण ज्या खरेदीला निधी नाही ती खरेदी करायचीच कशाला, हा प्रश्न घरखर्च चालवणारी कोणतीही गृहिणी विचारेल.

मग पहिली तक्रार पुरवठादाराने करायची नाही तर कुणी? याचे उत्तर महाराष्ट्राला परके नाही. ऊस हा साखर कारखान्याला पुरवलेला मालच आहे आणि त्याचे बिल हे बिलच आहे. १९६६ च्या ऊस नियंत्रण आदेशानुसार ऊस दिल्यापासून १४ दिवसांत पैसे द्यावे लागतात, उशिरावर वार्षिक १५ टक्के व्याज आहे, आणि थकबाकी जमीन महसुलाची थकबाकी असल्याप्रमाणे वसूल करता येते. पुण्याच्या साखर आयुक्तालयातून वसुली प्रमाणपत्र निघते आणि पुढची कारवाई जिल्हाधिकारी करतो. एफआरपी, म्हणजे उसाचा सरकारने ठरवलेला किमान दर, थकवणाऱ्या कारखान्याचा गाळप परवाना अडतो. ही व्यवस्था निर्दोष आहे असे मी म्हणणार नाही. प्रमाणपत्रे निघूनही पैसे अडतात, शेतकऱ्यांना रस्त्यावर उतरावे लागते, आणि कारखान्यांमागे राजकारणाचे बळ असते. तरीही एक गोष्ट तिने निर्विवाद केली. कोल्हापूर-सांगलीच्या प्रत्येक ऊस उत्पादकाने आपापल्या कारखान्यावर दावा लावावा, असे कोणी त्याला सांगत नाही. कारखान्यानिहाय थकबाकी आयुक्तालयाला ठाऊक असते आणि हालचाल आयुक्तालयाने करायची असते. शेतकऱ्याला कारखान्याशी वैर न पत्करता आपला हक्क मागता येतो. मग पत्र्याचे ब्रॅकेट, कापडाचे तागे, खोक्यांचे पुठ्ठे पुरवणाऱ्याने एकट्यानेच का झगडावे?

जपानने हे उत्तर १९५६ सालीच शोधले. उपकंत्राटदारांची देयके अडवण्याविरुद्ध केलेल्या त्यांच्या कायद्यात माल हाती आल्यापासून ६० दिवसांची मर्यादा आणि उशिरावर वार्षिक १४.६ टक्के व्याज आहे, पण त्याचे खरे बळ या आकड्यांत नाही. तेथील फेअर ट्रेड कमिशन आणि लघुउद्योग खाते दरवर्षी स्वतःहून मोठ्या कंपन्यांना आणि त्यांच्या पुरवठादारांना प्रश्नावल्या पाठवतात, उत्तरे ताडून पाहतात आणि दोषी कंपनीला जाहीर शिफारस बजावतात. कुणी तक्रार केली हे कंपनीला कळायचे कारण नाही, कारण तक्रार मुळात लागतच नाही. मार्च २०२४ मध्ये निसानने ३६ पुरवठादारांच्या देयकांतून सुमारे ३०० कोटी येन अन्याय्यपणे कापल्याचे आयोगाने नावानिशी जाहीर केले. त्या ३६ जणांपैकी एकाने तरी एकट्याने निसानवर दावा लावला असता का? फ्रान्समध्येही ग्राहक व स्पर्धाविषयक तपास यंत्रणा कंपन्यांची देयके स्वतः तपासते आणि उशिरापोटी २० लाख युरोपर्यंत दंड करते.

आपल्याकडे अशी यंत्रणा उभारणे जपानपेक्षा सोपे आहे, कारण आपल्या सरकारकडे आजच प्रत्येक मोठ्या बिलाची नोंद आहे. पाच कोटींवर उलाढाल असलेल्या उद्योगांना १ ऑगस्ट २०२३ पासून ई-इन्व्हॉइस बंधनकारक आहे. बिलाचा क्रमांक, तारीख, रक्कम, देणारा आणि घेणारा हे सर्व सरकारी संगणकात आहे. त्याच बिलावर खरेदीदार कर-क्रेडिट घेतो. क्रेडिट घेतले याचा अर्थ माल मिळाला हे त्याने सरकारलाच कळवले. मग त्याच ठिकाणी त्याने पैसे दिल्याची तारीख भरावी, आणि ४५ दिवसांनंतरही ती रिकामी असेल तर यंत्रणेने स्वतः विचारणा करावी, यात अशक्य काय आहे? १८० दिवसांनी क्रेडिट उलटवण्याची तरतूद आहेच. ती मुदत ६० दिवसांवर आणावी आणि ती तपासण्याचे काम संगणकाकडे द्यावे. लहान पुरवठादाराला पैसे आल्यावर कर भरण्याची मुभा द्यावी. सेवाकराच्या काळात ५० लाखांपर्यंतच्या व्यक्तींना आणि भागीदारी संस्थांना ती होती आणि त्यामुळे तिजोरी बुडाली नव्हती. राहिला प्रश्न तुरुंगाचा. व्यापारी देणे थकले म्हणून माणसाला कोठडीत टाकण्याची मागणी मला मान्य नाही. फसवणुकीचा गुन्हा नोंदवून दिवाणी येणे वसूल करण्याच्या प्रवृत्तीवर न्यायालयांनी वारंवार ताशेरे ओढले आहेत, आणि तो मार्ग खुला झाला तर उद्या तो लहान कारखानदारावरच पत्र्याच्या व्यापाऱ्याकडून वापरला जाईल.

राज्य सरकारला यासाठी दिल्लीची वाट पाहण्याचेही कारण नाही. आपल्या महामंडळांनी, महापालिकांनी आणि जिल्हा परिषदांनी घेतलेल्या प्रत्येक मालाची स्वीकृतीची तारीख जाहीर करावी आणि मुदत उलटताच व्याज मागणीविना बिलात धरावे, एवढा आदेश मंत्रालयातून निघू शकतो. परिषदांची संख्या वाढवून तिथे पूर्णवेळ सदस्य नेमणे हेही राज्याच्याच हाती आहे. नव्वद दिवसांचे वचन अर्धवेळ बैठकांतून पाळले जाणार नाही.

भोसरीच्या त्या प्रेसशॉपवाल्यांच्या सर्वांत जुन्या बिलाला येत्या ऑगस्टात तीन वर्षे होतात. बाकी मान्यतेचे पत्र त्यांना अजून मिळालेले नाही, त्यामुळे ऑगस्टनंतर त्या बिलाची वसुली मुदतबाह्य ठरण्याचा धोका आहे. मी त्यांची फाइल तयार करून ठेवली आहे: चलने, मालवाहतुकीची ई-वे बिले, खातेउतारा, कंपनीने क्रेडिट घेतल्याचा पुरावा, सगळे तारीखवार लावून. गेल्या आठवड्यात ते आले होते. त्या कंपनीच्या नव्या मॉडेलच्या सुट्या भागांसाठी जुलैमध्ये दरपत्रके मागवली जाणार आहेत, तेवढे होईपर्यंत थांबू या, असे म्हणून त्यांनी फाइल माझ्याच कपाटात ठेवायला सांगितली.